गजाआडची तालीम

मराठीत 'शिक्षा' म्हणजे दंड. हिंदीत हाच शब्द शाळेच्या पाटीवर दिसतो. 'तालीम' या शब्दाचीही अशीच तऱ्हा आहे. आमच्या घरात वडीलधारी माणसं तालीम म्हणत ती शाळा-कॉलेजच्या शिक्षणाला. घराबाहेर पडलं की गल्लीच्या तोंडाशी तालीम होती, तिथं तांबड्या मातीत पोरं अंग घुसळत असायची. आणि गणपती जवळ आले की चौकातल्या मंडळाच्या नाटकाची तालीम सुरू व्हायची. तिथं मी वही घेऊन प्रॉम्प्टिंगला बसायचो. एकच अरबी शब्द आपल्या गावात येऊन असा तीन घरी नांदतो. आज ज्या विषयावर आपल्याशी बोलायचं आहे, तिथं शिक्षा आणि तालीम हे दोन्ही शब्द आपापल्या सगळ्या अर्थांसकट एकाच खोलीत येऊन बसतात. विषय आहे तुरुंगातल्या कैद्यांनी केलेलं नाटक.

कैद्यांनी स्वतः केलेलं, हे मुद्दाम सांगतो. पंधरा ऑगस्टला किंवा सव्वीस जानेवारीला बाहेरची मंडळी तुरुंगात जाऊन गाणी-नकला करून येतात, तो वेगळा प्रकार. त्यात वाईट काही नाही, पण त्यात कैदी प्रेक्षकच राहतो. इथं तो नट असतो, नेपथ्य लावतो, पेटी वाजवतो, कधी लिहितोसुद्धा.

मराठी माणसाला तुरुंग आणि साहित्य यांचं नातं नवं नाही. 'गीतारहस्य' मंडालेच्या तुरुंगात लिहिलं गेलं. विनोबांची गीतेवरची प्रवचनं १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात झाली आणि ती उतरवून घेतली साने गुरुजींनी. पुढच्याच वर्षी नाशिकच्या तुरुंगात गुरुजींनी 'श्यामची आई' लिहिली. दक्षिण आफ्रिकेत रॉबेन बेटावरच्या राजबंद्यांनी सोफोक्लिसचं 'अँटिगनी' बसवलं, तेव्हा क्रेऑन या हट्टी राजाचं काम नेल्सन मंडेलांनी केलं होतं. त्याच बेटावर सनी वेंकटरत्नम या भारतीय वंशाच्या कैद्यानं शेक्सपिअरच्या समग्र नाटकांचं पुस्तक सांभाळलं. पहारेकऱ्यांनी ते जप्त करू नये म्हणून त्यानं त्याला दिवाळीच्या शुभेच्छापत्रांचं, देवादिकांच्या चित्रांचं कव्हर घातलं होतं. हा धर्मग्रंथ आहे असं सांगितलं की झालं! मंडेलांनी १६ डिसेंबर १९७७ रोजी त्यातल्या 'ज्युलियस सीझर'च्या एका उताऱ्याशेजारी सही केली.

पण ही सगळी मोठी माणसं. देशासाठी तुरुंगात गेलेली, लिहिता-वाचता येणारी, आपण इथं का आहोत हे पक्कं ठाऊक असलेली. मला बोलायचं आहे ते चोरी, मारामारी, खून, दरोडा यांपायी आत गेलेल्या साध्या कैद्याबद्दल. त्याच्या तुरुंगवासाचं स्मारक होत नाही.

या साध्या कैद्याच्या नाटकाची गोष्ट सांगताना जगभर एक तारीख सांगितली जाते : १९ नोव्हेंबर १९५७. अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्कोजवळ सॅन क्वेंटिन नावाचा जुना, दणकट तुरुंग आहे. त्या काळी तिथं विषारी वायूच्या कोठडीत मृत्युदंड दिला जाई. त्या रात्री तिथं शहरातल्या 'ॲक्टर्स वर्कशॉप' या मंडळींनी हर्बर्ट ब्लाऊ यांच्या दिग्दर्शनाखाली नाटक केलं. तिथं याआधीचा जिवंत नाट्यप्रयोग १९१३ साली, प्रख्यात फ्रेंच नटी सारा बर्नहार्ट आली होती तेव्हाचा. म्हणजे मध्ये चव्वेचाळीस वर्षं गेली. आणि आता नाटक कोणतं, तर सॅम्युअल बेकेटचं 'वेटिंग फॉर गोदो'! दोन फाटके इसम एका वाळक्या झाडाखाली कुणा गोदोची वाट बघत बसतात. तो येत नाही. दुसऱ्या अंकात पुन्हा बसतात. पुन्हा येत नाही. आदल्या वर्षी अमेरिकेत मायामीला या नाटकाचा पहिला प्रयोग झाला, तेव्हा भरल्या खिशाचे प्रेक्षक मध्येच उठून गेले होते. मग ते तुरुंगात का न्यावं? त्याचं एक कारण अगदी व्यवहारी होतं. या नाटकात बाईचं पात्र नाही, त्यामुळे अधिकाऱ्यांची हरकत आली नाही.

समोर सुमारे चौदाशे कैदी होते. मंडळींना धास्ती होती की आरडाओरडा होईल, शिट्ट्या पडतील. तसं झालं नाही. कैदी खिळून बसले. विद्वानांना जे नाटक कळायला जड गेलं, त्यातली मुख्य गोष्ट या प्रेक्षकांना समजावून सांगायची गरजच नव्हती. वाट बघणं म्हणजे काय, हे चौदाशेच्या चौदाशे जण जाणून होते. मार्टिन एसलिन या समीक्षकाचं 'द थिएटर ऑफ द ॲब्सर्ड' हे गाजलेलं पुस्तक १९६१ साली आलं. त्याची सुरुवातच या प्रयोगाच्या हकिकतीनं होते.

पण माझ्या मते त्या रात्रीची खरी गोष्ट सभागृहात घडलीच नाही. ती एका बंद कोठडीत घडली. रिक क्लची नावाचा ऐन विशीतला कैदी, दरोडा आणि अपहरणाच्या गुन्ह्यात जन्मठेप भोगत होता. ती जन्मठेपही अशी की पॅरोलची आशा नाही. पळून जाईल या भीतीनं त्याला प्रयोगाला सोडलं नव्हतं. कोठड्यांमध्ये ध्वनिक्षेपकावरून प्रयोग ऐकवला जात होता, तो त्यानं अंधारात पडून ऐकला. न पाहता, नुसता ऐकला. आकाशवाणीवर नभोनाट्यं ऐकत वाढलेल्या आपल्या पिढीला यात काय घडलं असेल ते अधिक सांगायला नको.

पुढे क्लची आणि त्याच्या सोबत्यांनी तुरुंगातच नाटकमंडळी काढली. त्यांना जागा मिळाली ती तुरुंगातल्या जुन्या फाशीघराच्या खोलीत. तिथं त्यांनी बेकेटची नाटकं बसवली. क्लचीनं स्वतः 'द केज' नावाचं नाटक लिहिलं, तेही तिथंच झालं. १९६६ साली कॅलिफोर्नियाच्या गव्हर्नरांनी त्याची शिक्षा कमी केली आणि तो सुटला. सुटल्यावर तो आणि त्याची मंडळी नाटक करत गावोगाव फिरली. सत्तरच्या दशकात बर्लिनमध्ये त्याची बेकेटशी गाठ पडली. लोकांना टाळणारा, मुलाखती न देणारा तो थोर नाटककार या माजी दरोडेखोराबरोबर कामाला बसला. १९७७ साली 'क्रॅप्स लास्ट टेप' या आपल्या एकपात्री नाटकात बेकेटनं स्वतः त्याला दिग्दर्शन केलं. क्लची २०१५ साली वारला. जो माणूस आयुष्यात पुन्हा रस्त्यावर पाऊल ठेवणार नाही असं न्यायालयानं लिहून ठेवलं होतं, तो जवळजवळ पन्नास वर्षं रंगमंचावर वावरला.

योगायोग असा की त्याच १९५७ साली आपल्याकडे व्ही. शांताराम यांचा 'दो आँखें बारह हाथ' आला. सहा खुनी आणि एक जेलर. कथा-पटकथा ग. दि. माडगूळकरांची, आणि तिचं मूळ त्यांच्याच मुलखात होतं. औंध संस्थानच्या पंतप्रतिनिधींनी १९३९ साली, पोलंडहून आलेल्या मॉरिस फ्रीडमन या इंजिनिअरच्या आग्रहावरून आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची खुली वसाहत काढली. कैदी तिथं भिंतीविना राहत, शेती करत. ती वसाहत सांगली जिल्ह्यात आजही आहे. चित्रपटाला १९५८ साली बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वल मिळालं. आपण चित्रपटातली प्रार्थना डोक्यावर घेतली. स्वतंत्रपूरचं नाव मात्र शंभरात दोघा-चौघांना माहीत असेल. असो.

आता तुरुंगात नाटक बसतं कसं, ते बघू. बाहेरच्या दिग्दर्शकाला वाटतं, संहिता निवडली, पात्रं वाटली, झालं. आत तसं नाही. आत आधी मोजणी. कैद्यांची गिनती सकाळ-संध्याकाळ होते आणि आपल्याकडे दिवस मावळण्याच्या सुमारास बराकीला कुलूप लागतं. म्हणजे आपण बाहेर नाटकवाले ज्या वेळी तालमीला जमतो, त्या वेळी तिथला दिवस संपलेला असतो. तालीम दुपारी. मग सामानाची यादी : दोरी चालत नाही, लाकडी तलवारसुद्धा चारदा विचारून आत जाते, विजेच्या तारा मोजून आत आणि मोजून बाहेर. दाढी-मिशा लावून रूप बदलणं ही नाटकाची पहिली गरज, आणि तुरुंगाला नेमकी तीच नको असते, कारण तिथं माणूस ओळखू येणं महत्त्वाचं. शिवाय कोण कुणाबरोबर उभा राहू शकतो याचीही गणितं असतात. दोन टोळ्यांचे दोघे एका प्रवेशात आले तर दिग्दर्शकाच्या हातात संहिता असते आणि वॉर्डरच्या हातात काठी.

पुरुषांच्या तुरुंगात बाईची कामं पुरुषच करतात. आपल्याला, बालगंधर्वांच्या नावानं अजून कान पकडणाऱ्यांना, यात नवल वाटू नये. पण बालगंधर्वांना पाहायला शालू नेसून बायका येत. इथं समोर बसलेले असतात बराकीतले सोबती, आणि रात्री त्यांच्याच शेजारी पथारी टाकायची असते. अशा ठिकाणी आईचं काम करायला उभं राहणं हे धाडस आहे. जो हे करतो आणि ज्याची दुसऱ्या दिवशी कुणी टवाळी करत नाही, त्या बराकीत काहीतरी बदललेलं असतं. ते कुठल्या रजिस्टरात येत नाही.

रोमच्या रेबिबिया तुरुंगात कैद्यांनी 'ज्युलियस सीझर' बसवलं, त्यावर ताविआनी बंधूंनी 'सीझर मस्ट डाय' हा चित्रपट केला. त्याला २०१२ साली बर्लिनलाच सुवर्ण अस्वल मिळालं. पात्रनिवड कशी झाली ते चित्रपटात दाखवलं आहे. प्रत्येकानं फक्त आपलं नाव, जन्मगाव, बापाचं नाव आणि पत्ता सांगायचा. दोनदा. पहिल्यांदा, आपण परदेशाच्या सीमेवर उभे आहोत, बायकोला निरोप देत आहोत आणि अधिकारी विचारतो आहे असं समजून, रडत. दुसऱ्यांदा तेच सगळं संतापून. बघा, हे प्रश्न कैद्याला आयुष्यात कितीदा विचारले गेले असतील! पोलीस चौकीत, न्यायालयात, तुरुंगाच्या दारात. तोच तपशील, पण या वेळी उत्तर कोणत्या सुरात द्यायचं हे त्याचं त्यानं ठरवायचं. मी या विषयावर जे काही वाचलं-पाहिलं, त्यात नाटक तुरुंगात काय करतं याचं इतकं सोपं प्रात्यक्षिक दुसरं नाही. दिग्दर्शकानं त्यांना आपापल्या मुलखाच्या बोलीत बोलायला लावलं हेही महत्त्वाचं. नेपल्सचा नेपल्सच्या बोलीत बोलला, सिसिलीचा सिसिलीच्या. ब्रूटसचं काम करणारा साल्वातोरे स्ट्रियानो तर शिक्षा भोगून केव्हाच सुटला होता, नट झाला होता; तो या चित्रपटासाठी आपण होऊन त्याच तुरुंगात परत गेला.

अमेरिकेत केंटकी राज्यातल्या एका तुरुंगात कर्ट टॉफ्टलँड यांनी १९९५ सालापासून शेक्सपिअर बसवायला सुरुवात केली. त्यांची पद्धत अशी की भूमिका दिग्दर्शक वाटत नाही, कैदी स्वतः निवडतो. का निवडली हे त्याचं त्याला माहीत असतं; हळूहळू बाकीच्यांनाही कळतं. २००५ साली त्यांच्या 'द टेंपेस्ट'च्या तालमींवर माहितीपट झाला. सूड घ्यायची पूर्ण ताकद हाती असताना माणूस क्षमा करतो, असं ते नाटक. ते कुणी करावं आणि कुणापुढे करावं, याचा विचार आपण कॉलेजात शेक्सपिअर शिकताना केला नव्हता.

इथं माझा एक छोटा अनुभव सांगतो. काही वर्षांपूर्वी एका जिल्हा तुरुंगात आम्ही तीन-चार कवी कविता वाचायला गेलो होतो. मी आईवरची एक कविता वाचली. ती कुठेही वाचली की टाळ्या पडतात, हे मला माहीत होतं, तिथंही पडल्या. कार्यक्रम संपल्यावर मागच्या रांगेतला एक विशी-बाविशीचा मुलगा पुढे आला आणि म्हणाला, "चाचा, तो कागद द्या ना, मी पण वाचतो. मोठ्यानं." त्यानं अडखळत, एकेक अक्षर लावत अख्खी कविता वाचली. आवाज खणखणीत होता. वाचून झाल्यावर कागद परत देत म्हणाला, "इथं मोठ्यानं बोललं की भांडण लागलं असंच समजतात." कवितेबद्दल तो एक अक्षर बोलला नाही. त्याला कविता आवडली की नाही हे मला आजतागायत ठाऊक नाही. त्याला मोठ्यानं बोलायची सबब हवी होती, ती मिळाली. नाटक हीच सबब देतं, आणि कवितेपेक्षा कितीतरी भरघोस. कवितेत एकटा बोलतो. नाटकात दुसऱ्याचं वाक्य संपेपर्यंत थांबावं लागतं. ज्यांच्या आयुष्यातला मोठा घोटाळा एखाद्या न थांबलेल्या क्षणापायी झाला, त्यांच्यासाठी हे थांबणं लहान गोष्ट नव्हे.

आपल्या देशातली दोन उदाहरणं सांगण्यासारखी आहेत. म्हैसूरच्या 'रंगायण' या नाट्यसंस्थेतले नट-दिग्दर्शक हुलुगप्पा कट्टीमनी नव्वदच्या दशकाच्या अखेरीपासून कर्नाटकातल्या तुरुंगांत नाटकं बसवत आले. बहुतेक नट जन्मठेपेचे. त्यांच्याकडून त्यांनी एच. एस. शिवप्रकाश यांचं 'मारनायकन दृष्टांत' करून घेतलं. हे 'मॅकबेथ'चं कन्नड रूप. ज्याच्या हाताला लागलेलं रक्त धुऊन निघत नाही त्या माणसाचं नाटक, आणि ते करणारे खुनाच्या गुन्ह्यातले कैदी. बाहेरच्या नटाला या प्रवेशासाठी कल्पना लढवावी लागते. कट्टीमनींनी कैद्यांना पोलीस बंदोबस्तात बाहेरच्या नाट्यगृहांतही नेलं. तिकीट काढून आलेल्या माणसांसमोर ते उभे राहिले.

दुसरं उदाहरण कोलकात्याचं. तिथं तुरुंगाला सरकारी भाषेत सुधारगृह म्हणतात. आपल्याकडेही खात्याच्या नावात कारागृहापुढे 'सुधारसेवा' आलेली आहे. अलोकानंदा रॉय या नृत्यांगना २००७ साली प्रेसिडेन्सी तुरुंगात गेल्या आणि मग कैद्यांना घेऊन त्यांनी रवींद्रनाथांचं 'वाल्मीकिप्रतिभा' बसवलं. हे रवींद्रनाथांनी १८८१ साली, ऐन विशीच्या उंबरठ्यावर लिहिलेलं संगीतक. त्यात वाल्मीकीचं काम त्यांनी स्वतः केलं होतं. तुरुंगात ते काम आलं नायजेल अक्कारा या तरुण कैद्याच्या वाट्याला. वाल्याचा वाल्मीकी झाला, हे आपण मराठीत इतक्या सहज बोलून जातो की त्यात एक दरोडेखोर होता हे विसरतोच. अक्कारा सुटल्यानंतर चित्रपटांत आला. २०१२ सालच्या 'मुक्तधारा' या बंगाली चित्रपटात त्यानं आपल्याच आयुष्याशी जुळणारी भूमिका केली.

लेबनॉनमधला प्रयोग मला सर्वांत धीट वाटतो. बैरूतजवळच्या रूमिये तुरुंगात झेना दक्काश या दिग्दर्शिकेनं २००९ साली 'ट्वेल्व्ह अँग्री मेन'चं अरबी रूप केलं. आपण हे कथानक 'एक रुका हुआ फैसला' या नावानं पाहिलं आहे. बारा ज्युरी एका खोलीत बसून एका मुलाच्या फाशीचा विचार करतात. दक्काशबाईंनी ज्यांचा निवाडा होऊन गेला होता त्यांनाच निवाडा करणाऱ्यांच्या खुर्चीत बसवलं. तालमी वर्षभराहून अधिक चालल्या. नाटकाच्या मध्ये-मध्ये कैदी स्वतःची हकिकत, गाणी सांगत. प्रेक्षकांत न्यायाधीश होते, मंत्री होते. त्या देशात चांगल्या वर्तणुकीसाठी शिक्षा कमी करण्याचा कायदा २००२ साली झाला होता, पण तो कागदावरच होता. नाटकातून तो विषय थेट या मंडळींच्या तोंडावर मांडला गेला आणि त्याच वर्षी अंमलबजावणी सुरू झाली. सगळं श्रेय नाटकाला देणं भाबडेपणाचं होईल. पण ज्या न्यायाधीशांना कैदी एरवी आरोपीच्या पिंजऱ्यात दोन मिनिटं दिसतो, ते त्याला दोन तास ऐकत बसले, एवढं तर घडलं.

आता दुसरी बाजू. माझ्या नात्यातल्या एका बाईंचा मुलगा भांडणात मारला गेला. मी या विषयावर कुठे बोलत होतो, तेव्हा त्या म्हणाल्या, "त्यांची नाटकं होतील बाबा. माझ्या पोराला कुठं उभं करायचं?" याला माझ्यापाशी उत्तर नाही, आणि नाटकापाशीही नाही. आमच्याकडे 'हुकूकुल-इबाद' अशी एक कल्पना सांगतात. देवाचं देणं देव माफ करील. माणसाचं देणं ज्याचं त्यानंच माफ करायचं, तिथं देवही मध्ये पडत नाही. कैद्यानं रंगमंचावर कितीही खरे अश्रू ढाळले तरी ते त्या आईपर्यंत पोहोचलेले नसतात. म्हणून तुरुंगातल्या नाटकाला 'प्रायश्चित्त' वगैरे मोठे शब्द लावणारी भाषणं मला रुचत नाहीत. नाटक हे नाटक आहे. शिक्षा भोगून जो परत आपल्याच गल्लीत येणार आहे, तो कसा होऊन येतो, यात मात्र तुमचा-माझा आणि त्या बाईंचाही संबंध आहे.

नाटकानं गुन्हे कमी होतात का? न्यूयॉर्कच्या सिंग सिंग तुरुंगात १९९६ सालापासून चालणारी संस्था सांगते की तिच्या कार्यक्रमातून सुटलेल्यांपैकी तीन टक्क्यांहूनही कमी लोक पुन्हा आत आले. आकडा सुखावणारा आहे. पण नाटकाला येणारा कैदी आपण होऊन आलेला असतो, बदलायची इच्छा त्याला आधीच झालेली असते, हे धरूनच तो वाचावा. या संस्थेवर 'सिंग सिंग' नावाचा चित्रपट आला आणि त्यात बरेच जण तिथले माजी कैदीच आहेत.

आणि फजितीही होते बरं का! स्वीडनमधल्या कुम्ला तुरुंगात यान यॉन्सन या नटानं पुन्हा 'गोदो'च बसवलं. इतकं रंगलं की गोथेनबर्गच्या मोठ्या नाट्यगृहातून बोलावणं आलं. १९८६ सालची ही गोष्ट. नाट्यगृह गच्च भरलेलं, आणि प्रयोगाच्या आधी नटमंडळींतले बहुतेक जण पसार! यॉन्सन एकटाच रंगमंचावर आला आणि त्यानं प्रेक्षकांना घडलेली हकिकत सांगितली. ज्याची वाट बघायची तो येत नाही, हे नाटक त्या रात्री प्रेक्षकांनीच केलं म्हणायचं. बेकेटच्या कानावर हे गेलं तेव्हा तो खो-खो हसला म्हणतात. तुरुंगाधिकाऱ्यांना मात्र हसू आलं नसणार, आणि त्यांना दोष देता येत नाही. प्रत्येक अधीक्षकाच्या डोळ्यांपुढे ही भीती असते. परवानगीचा कागद महिनोन्‌महिने टेबलावर पडून राहतो त्याचं हे एक कारण आहे.

संयुक्त राष्ट्रांनी २०१५ साली कैद्यांना वागवण्याचे जे सुधारित नियम मान्य केले, त्यांना मंडेलांचं नाव दिलं आहे. त्यातला १०५ वा नियम सांगतो की सर्व तुरुंगांत कैद्यांच्या मानसिक आणि शारीरिक स्वास्थ्यासाठी करमणुकीचे आणि सांस्कृतिक उपक्रम असावेत. नियम छान आहे. पण आपल्या देशातली परिस्थिती बघा. २०२२ अखेरच्या सरकारी आकडेवारीनुसार देशातल्या तुरुंगांत जागा होती ४,३६,२६६ जणांची आणि माणसं होती ५,७३,२२०. त्यांतले ४,३४,३०२ जण न्यायाधीन, म्हणजे ज्यांचा गुन्हा अजून शाबीतच झालेला नाही असे. शंभरातले पंचाहत्तर! त्यात दलित, आदिवासी आणि मुसलमान लोकसंख्येतल्या आपल्या वाट्यापेक्षा जास्त दिसतात. माझ्या नावाचा माणूस हे वाचून पान उलटू शकत नाही. नाटकाचे उपक्रम मात्र बहुतेक मध्यवर्ती कारागृहांतल्या सिद्धदोष बंद्यांसाठी होतात. कारण उघड आहे. जन्मठेपेचा कैदी उद्याही तिथंच असणार, परवाही. त्याला लांबलचक संवाद देता येतात. न्यायाधीन माणसाची उद्या तारीख असते, परवा जामीन होतो किंवा होत नाही. त्याला भूमिका कोण देणार? ज्याचं काहीच ठरलेलं नाही, ज्याला कामही दिलं जात नाही, असा तो सकाळपासून संध्याकाळपर्यंत भिंतीकडे बघत बसतो. गोदोची वाट खऱ्या अर्थानं तोच बघतो आहे.

आपल्या गावोगावी हौशी नाटकमंडळी आहेत. राज्य नाट्यस्पर्धा संपली की पुढची येईपर्यंत त्यांच्या हातात वेळ असतो. कुणाला करावंसं वाटलं तर ऐकलेल्या-पाहिलेल्या गोष्टींवरून चार शब्द सांगतो. अर्ज अधीक्षकांच्या नावानं करावा, संहिता सोबत जोडावी. तीन अंकी नाटकाच्या फंदात पडू नये. चाळीस मिनिटांची एकांकिका पुरे, गिनतीच्या आधी आटोपली पाहिजे. संहितेत तलवार, दोरखंड, पोलिसाचा वेश नसला तर निम्मे प्रश्न सुटतात. कॅमेरा घेऊन जाऊ नये. कोण कशासाठी आत आला आहे, हे विचारू नये. सांगायचं असेल तर तो तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात आपण होऊन सांगतो. वाचता न येणारे बरेच असतात, त्यांना संवाद ऐकवून पाठ करून घ्यावेत. ही माणसं इतरांपेक्षा लवकर पाठ करतात. आणि जिल्हा तुरुंगात न्यायाधीन बंद्यांना घेऊन बसवत असाल, तर प्रत्येक भूमिकेसाठी दोघांना तयार ठेवा. ऐन प्रयोगाच्या आठवड्यात एखाद्याचा जामीन होतो. तो निरोप घ्यायला येतो तेव्हा त्याची वही त्याच्याकडून मागून घ्या, दुसऱ्याला लागेल.